आदेश निघाला, पण माणूस कामावर गेला का?

कामगार कायद्याच्या इतिहासावर काम सुरू करताना आपण बहुतेक जण एकाच पद्धतीने निकाल वाचतो. शेवटचं पान उघडायचं, तिथे ‘पूर्ववत कामावर घ्यावे’ असं वाक्य सापडलं की आपल्या तक्त्यात ‘कामगार जिंकला’ अशी नोंद करायची आणि पुढच्या खटल्याकडे वळायचं. शंभर निकाल असे वाचून झाले की टक्केवारी काढता येते, आलेख काढता येतो, प्रकरण लिहून होतं.

पण एक साधा प्रश्न विचारून बघा. निकालाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तो माणूस गेटवर गेला तेव्हा काय झालं? वॉचमनने आत सोडलं का? मस्टरवर नाव होतं का? जुनं काम मिळालं की कोपऱ्यातली खुर्ची? निकालपत्रात याचं उत्तर नसतं, असूही शकत नाही, कारण निकालपत्र त्या सकाळच्या आधीच संपलेलं असतं.

मग इतिहास अभ्यासणाऱ्याने ही सकाळ शोधायची कुठे? याचं एक उत्तर खुद्द कायद्यातच आहे. भारतात, आणि विशेषतः मुंबई प्रांतात व पुढे महाराष्ट्रात, कामावर परत घेण्याच्या आदेशाभोवती गेल्या पाऊणशे वर्षांत जी कलमं वाढत गेली, त्यातलं जवळजवळ प्रत्येक कलम हे मालकाच्या आधीच्या एखाद्या पळवाटेला दिलेलं उत्तर आहे. उत्तर हातात असेल तर प्रश्न काय होता ते ओळखता येतं. कलमं अशी उलटी वाचली, की आदेश पाळले जात होते की नाही याचा इतिहास दिसायला लागतो. आज तेच करून बघू.

आधी आदेश तरी देता येतो का?

आज आपल्याला नवल वाटेल, पण ‘याला परत कामावर घ्या’ असं मालकाला सांगण्याचा अधिकार कोणाला आहे का, हाच मुळात वादाचा विषय होता. दिवाणी कायद्याचं जुनं तत्त्व असं, की वैयक्तिक सेवेचा करार जबरदस्तीने पाळायला लावता येत नाही. मालकाने चुकीने काढलं असेल तर नुकसानभरपाई मागा. पण नको असलेल्या नोकराला ठेवून घेण्याची सक्ती न्यायालय करणार नाही. १८७७ च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात हे तत्त्व होतं आणि १९६३ च्या नव्या कायद्यातही राहिलं.

१ एप्रिल १९४७ ला औद्योगिक विवाद कायदा लागू झाला. त्यानंतर लवकरच मुंबईत वेस्टर्न इंडिया ऑटोमोबाईल असोसिएशन आणि तिचे कर्मचारी यांच्यातला वाद सरकारने औद्योगिक न्यायाधिकरणाकडे सोपवला. काढलेल्या कर्मचाऱ्यांना परत घेण्याची मागणी त्यात होती. असोसिएशनचं म्हणणं, असा प्रश्न न्यायाधिकरणाच्या कक्षेतच येत नाही. प्रकरण फेडरल कोर्टापर्यंत गेलं. १९४९ मध्ये न्यायमूर्ती मेहरचंद महाजन यांनी दिलेल्या निकालाने हा मुद्दा मिटवला. कायद्यातल्या ‘औद्योगिक विवाद’ या व्याख्येत नोकरी देण्याबरोबर नोकरी न देण्याचाही उल्लेख आहे, तेव्हा काढलेल्या माणसाला परत घ्यायचं की नाही हा वाद त्यात येतोच. शिवाय न्यायाधिकरण हे दिवाणी न्यायालयासारखं फक्त कराराचा अर्थ लावत बसत नाही. औद्योगिक शांततेसाठी ते दोन्ही पक्षांवर नवी बंधनंही घालू शकतं.

म्हणजे १९४९ मध्ये अधिकार मिळाला. आपली बरीचशी पाठ्यपुस्तकं इथे टाळ्या वाजवून पुढे जातात. आपण मात्र इथेच थांबून विचारू : अधिकार मिळाला, पण हत्यार कोणतं मिळालं?

आदेश आहे, बजावणार कोण?

१९४७ च्या कायद्यात निवाडा मोडला तर कलम २९ खाली शिक्षा होती. सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. वाचायला कडक वाटतं. पण त्याच कायद्याचं कलम ३४ शेजारी ठेवा. या गुन्ह्याची दखल न्यायालय कधी घेणार? सरकारने स्वतः किंवा सरकारच्या अधिकाराने कोणी तक्रार केली तरच. ज्याला गेटवरून परत पाठवलं तो कामगार स्वतः थेट फौजदारी तक्रार करू शकत नाही. त्याने कामगार खात्याकडे अर्ज करायचा, खात्याने मंजुरी द्यायची की नाही ते ठरवायचं, आणि मग कदाचित खटला. शिक्षा कायद्यात होती, पण तिची किल्ली तिसऱ्याच माणसाच्या खिशात होती.

१९५६ मध्ये कलम ३३क आलं. (मराठीत ते ३३सी म्हणूनच जास्त ओळखीचं आहे.) निवाड्याखाली कामगाराचे पैसे देणं असेल तर ते जिल्हाधिकाऱ्यामार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखे वसूल करता येतील, आणि रक्कम किती यावर वाद असेल तर कामगार न्यायालय हिशोब करून देईल, अशी ही सोय. आता हे कलम उलटं वाचा. १९५६ पर्यंत निवाडे होऊनही पैसे मिळत नव्हते अशा तक्रारी इतक्या असणार, की संसदेला वसुलीची यंत्रणा उभी करावी लागली. पण यंत्रणेची मर्यादाही बघा. महसुली यंत्रणा पैसे वसूल करू शकते. माणसाला गेटमधून आत नेऊन त्याच्या मशीनवर उभं करू शकत नाही. कामावर परत घेण्याच्या आदेशात दोन गोष्टी असतात, पगार आणि जागा. पहिल्या गोष्टीला वसुलीचा रस्ता मिळाला, दुसरीला नाही.

१९६५ मध्ये कलम २९ दुरुस्त झालं. निवाडा मोडणं चालूच राहिलं तर दर दिवसाला २०० रुपयांपर्यंत जादा दंड. ‘चालूच राहिलं तर’ हे शब्द महत्त्वाचे. एकदा दंड भरून मालक पुढे तसाच वागत असेल, तरच अशा शब्दांची गरज पडते.

मग कामगाराने सरळ दिवाणी न्यायालयात जावं का? हा रस्ता १९७५ मध्ये मुंबईच्याच प्रीमियर ऑटोमोबाईल्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बराचसा बंद केला. हक्क औद्योगिक विवाद कायद्याने दिला असेल तर उपायही त्याच कायद्यातला शोधायचा, हे त्या निकालाचं सूत्र. तर्क बरोबर होता. पण ज्या कायद्यात आदेश अमलात आणायची ताकदच अपुरी होती, त्याच कायद्याकडे कामगाराला परत पाठवलं गेलं.

आता एक मोठी उडी मारा आणि थेट २०१० वर या. त्या वर्षीच्या दुरुस्तीने कलम ११ मध्ये पोटकलमं ९ आणि १० आली. कामगार न्यायालयाचा निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ प्रमाणे, बजावता येईल असं त्यांनी सांगितलं. घर खाली करण्याचा किंवा उधारी वसुलीचा हुकूमनामा ज्या पद्धतीने बजावला जातो, ती पद्धत कामगाराच्या निवाड्याला केंद्रीय कायद्यात मिळायला १९४७ पासून ६३ वर्षं लागली. आपल्या प्रबंधात एकच तारीख ठळक करायची असेल तर मी ही करीन.

महाराष्ट्राने काढलेली वेगळी वाट

मधल्या काळात महाराष्ट्र थांबून राहिला नव्हता. १९६८ च्या फेब्रुवारीत राज्य सरकारने अनुचित कामगार प्रथांवर एक समिती नेमली. तिच्या कामातून पुढे १९७१ चा कायदा आला : महाराष्ट्र कामगार संघांना मान्यता देण्याबाबत व अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध अधिनियम. नाव लांबलचक, म्हणून कोर्टात आणि युनियनच्या ऑफिसात सगळे त्याला ‘पल्प ॲक्ट’च म्हणतात. तो प्रत्यक्ष लागू झाला ८ सप्टेंबर १९७५ ला.

या कायद्याची चौथी अनुसूची संशोधकाने नीट वाचावी. मालकाच्या अनुचित प्रथांची ती यादी आहे, आणि इतिहासाच्या दृष्टीने ती त्या काळातल्या युक्त्यांची यादी आहे. सूडबुद्धीने बडतर्फ करणं त्यात आहे. व्यवस्थापनाच्या धोरणाचं नाव पुढे करून वाईट हेतूने बदली करणं त्यात आहे. आणि नवव्या क्रमांकावर आहे : निवाडा, समझोता किंवा करार अमलात न आणणं. म्हणजे आदेश न पाळणं हीच एक स्वतंत्र तक्रार झाली. बदलीची बाबही याच प्रश्नाशी जोडून वाचा. परत घेतलेल्या माणसाला शंभर मैलांवरच्या शाखेत पाठवलं, की कागदावर आदेश पाळला गेला आणि माणूस आपोआप राजीनामा देऊन गेला!

त्याहून मोठा फरक दोन ठिकाणी होता. एक, इथे कर्मचारी स्वतः किंवा त्याची युनियन थेट न्यायालयात तक्रार करू शकत होती. सरकारने वाद सोपवण्याची वाट बघायची नव्हती. दोन, कलम ४८. न्यायालयाचा अंतिम किंवा अंतरिम आदेश पाळला नाही तर तीन महिन्यांपर्यंत कैद, किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आणि याची दखल घ्यायची ती कर्मचाऱ्याच्याच तक्रारीवरून. केंद्रीय कायद्यात जी किल्ली सरकारच्या खिशात होती, ती इथे कर्मचाऱ्याच्या हातात आली. कामगार वकिलांचा ओढा या कायद्याकडे का वाढला, याचं एक कारण इथे आहे.

स्थगितीची वर्षं

मालक नेहमी उघडपणे आदेश धुडकावतो असं नाही. त्याहून सोपा आणि पूर्ण कायदेशीर रस्ता म्हणजे आव्हान. १९५० मध्ये औद्योगिक विवादांसाठी वेगळं अपील न्यायाधिकरण स्थापन झालं होतं, पण त्यात प्रकरणं रेंगाळतात म्हणून १९५६ मध्ये ते रद्द केलं. अपील गेलं, पण राज्यघटनेतलं अनुच्छेद २२६ होतंच. मालक रिट याचिका घेऊन उच्च न्यायालयात, तिथून सर्वोच्च न्यायालयात. याचिका दाखल झाली, स्थगिती मिळाली, की आदेश जिवंतही राहतो आणि झोपूनही जातो.

इथे न्याय दोन्ही बाजूंना द्यायला हवा. वरच्या न्यायालयात जाणं हा मालकाचा हक्क आहे, आणि खालचे निवाडे कधी कधी खरोखर चुकतातही. तारखा लांबतात त्या फक्त मालकामुळे लांबत नाहीत; न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा आणि तुंबलेली प्रकरणं यांचाही त्यात वाटा असतो. पण उशिराचा भार दोघांवर सारखा पडत नाही. कंपनी दहा वर्षं खटला लढवू शकते. ज्याचा पगार बंद आहे तो दहा वर्षं कसा काढणार? मुलांची फी, घरभाडं, किराणा हे स्थगितीची वाट बघत नाहीत. शेवटी तो कंटाळून मिळेल त्या रकमेवर सही करतो. दप्तरात अशी प्रकरणं ‘तडजोडीने निकाली’ म्हणून दिसतात, आणि आपण ती आनंदाने ‘सामंजस्य’ या रकान्यात टाकतो.

या पळवाटेवरचं उत्तर म्हणजे कलम १७ब. १९८२ च्या दुरुस्तीने ते आलं आणि २१ ऑगस्ट १९८४ पासून लागू झालं. कामावर घेण्याच्या निवाड्याला मालकाने उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं, तर ते प्रकरण संपेपर्यंत त्याने कामगाराला शेवटचा घेतलेला पूर्ण पगार देत राहायचं. अट एवढीच, की कामगार दुसरीकडे नोकरीत नसावा आणि तसं प्रतिज्ञापत्र त्याने द्यावं. याचा सरळ अर्थ असा, की १९८२ पर्यंत संसदेलाही पटलं होतं की आव्हानाचा उपयोग कामगाराला उपाशी ठेवण्यासाठी होतो.

पण पुन्हा शब्दांकडे बघा : ‘शेवटचा घेतलेला पगार’. समजा एखाद्याला १९८५ मध्ये १,२०० रुपये पगारावर काढलं. खटला १९९७ पर्यंत चालला. मधल्या काळात त्याच्या सोबत्यांचे पगार, महागाई भत्ता, सगळं वाढलं. या माणसाला १७ब खाली किती? १,२०० च. १९९७ च्या देना बँक खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हाच अर्थ कायम केला : शेवटचा म्हणजे खरोखर शेवटचा घेतलेला, आज कामावर असता तर मिळाला असता तो नव्हे. मात्र दोन दिलासेही दिले. मालक खटला जिंकला तरी हे पैसे परत मागता येणार नाहीत. आणि न्यायासाठी गरज वाटली तर उच्च न्यायालय आपल्या घटनात्मक अधिकारात जास्त रक्कम देऊ शकेल.

निलंबन : नोकरी आहे, काम नाही

आतापर्यंत मुख्यतः बडतर्फीबद्दल बोललो. निलंबनाची गोष्ट थोडी वेगळी, आणि अंमलबजावणीच्या दृष्टीने जास्त निसरडी. बडतर्फ माणूस बाहेर असतो. निलंबित माणूस कागदावर नोकरीतच असतो. फक्त त्याला काम नाही आणि पूर्ण पगार नाही. त्यामुळे निलंबन किती काळ ताणलं जातं आणि त्या काळात हातात किती पैसे पडतात, यावर बरंच ठरतं. औद्योगिक आस्थापनांसाठी स्थायी आदेश कायद्यात १९८२ मध्ये निर्वाह भत्त्याचं कलम आलं : पहिले ९० दिवस निम्मं वेतन, त्यानंतर उशीर कामगारामुळे होत नसेल तर ७५ टक्के. महाराष्ट्रातले आदर्श स्थायी आदेश आणखी पुढे गेले. चौकशी १८० दिवसांच्या पुढे लांबली तर भत्ता पूर्ण वेतनाइतका. मालकाला चौकशी लांबवणं महाग पडावं, असा त्यामागचा हिशोब आहे.

सरकार स्वतः मालक असतं तेव्हा काय होतं, याची दोन उदाहरणं प्रबंधात हमखास उपयोगी पडतील.

पहिलं महाराष्ट्राचं. मुंबई नागरी सेवा नियमांमध्ये अशी तरतूद होती, की निलंबित कर्मचाऱ्याला फौजदारी न्यायालयाने दोषी ठरवलं आणि त्याचं अपील चालू असेल, तर त्या काळात त्याला नाममात्र निर्वाह भत्ता मिळेल. नाममात्र म्हणजे किती? महिना १ रुपया. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद रद्द केली. ‘निर्वाह’ या शब्दाला काही अर्थ असेल तर महिन्याला एका रुपयात तो होत नाही, हे सांगायलाही खटला तिथपर्यंत न्यावा लागला.

दुसरं दिल्लीचं. सहकार खात्यातल्या एका उपनिरीक्षकाला १९४९ मध्ये निलंबित केलं आणि १९५१ मध्ये बडतर्फ. बचावाची योग्य संधी दिली नाही, म्हणून डिसेंबर १९५७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती बडतर्फी बेकायदा ठरवली. हा निकाल घटनेच्या अनुच्छेद ३११ वरचा पायाभूत निकाल म्हणून सगळीकडे शिकवला जातो. पण पुढचं प्रकरण फारसं शिकवलं जात नाही. केंद्रीय सेवेच्या १९५७ च्या नियमांत एक तरतूद होती : न्यायालयाने बडतर्फी रद्द केली आणि खात्याने त्याच आरोपांवर पुढे चौकशी करायचं ठरवलं, तर कर्मचारी मूळ बडतर्फीच्या तारखेपासूनच निलंबित असल्याचं मानलं जाईल. म्हणजे न्यायालयात जिंकलेला माणूस मागच्या तारखेने पुन्हा निलंबित! त्याने हाही नियम आव्हानित केला. आपल्या बाजूने लागलेला निकाल यामुळे निष्फळ होतो, असं त्याचं म्हणणं होतं. १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नियम वैध ठरवला. असा ‘मानीव निलंबना’चा नियम महाराष्ट्राच्या १९७९ च्या शिस्त व अपील नियमांतही आहे.

तक्त्यात १९५७ ची नोंद ‘कर्मचारी जिंकला’ अशी होईल. १९६२ ची नोंद शेजारी ठेवल्याशिवाय त्या जिंकण्याचा अर्थ कळत नाही.

औरंगाबादची एक शिक्षिका

सगळे धागे एकत्र दिसतील असं एक प्रकरण घेऊ. तेव्हाच्या औरंगाबादेत, आजच्या छत्रपती संभाजीनगरात, एका खासगी प्राथमिक शाळेतली ही शिक्षिका. महापालिकेने शाळेच्या इमारतीचा कर वाढवला, आणि संस्थेने कर्मचाऱ्यांना सांगितलं की त्यासाठी दरमहा १,५०० रुपये द्या. बाकीच्यांनी मानलं, हिने नकार दिला. मग २५ मेमो, आणि नोव्हेंबर २००६ मध्ये निलंबन. जिल्हा परिषदेच्या शिक्षणाधिकाऱ्याने निलंबनाला मान्यता दिली नाही, तरी संस्थेने तिला रुजू करून घेतलं नाही. जून २००७ मध्ये बडतर्फी. जून २००९ मध्ये शाळा न्यायाधिकरणाचा आदेश : बडतर्फी रद्द, पूर्ण मागील वेतनासह कामावर घ्या.

संस्था उच्च न्यायालयात गेली. तिथे मागील वेतनाचा भाग रद्द झाला. तिने सर्वोच्च न्यायालय गाठलं. ऑगस्ट २०१३ मध्ये न्यायमूर्ती जी. एस. सिंघवी यांनी लिहिलेल्या निकालाने पूर्ण वेतन परत मिळवून दिलं. बेकायदा काढलेल्याला सेवासातत्य आणि पूर्ण मागील वेतन हा सर्वसाधारण नियम आहे. आपण दुसरीकडे कमावत नव्हतो हे कर्मचाऱ्याने सांगितल्यावर, तो कमावत होता हे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकाची. आणि खटला लांबला याची शिक्षा कर्मचाऱ्याला देऊ नये, अशी या निकालाची सूत्रं आहेत. क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालयाविरुद्धचा निकाल म्हणून तो आज देशभर उद्धृत होतो.

पण आपल्या विषयासाठी निकालाचा शेवट जास्त बोलका आहे. चार महिन्यांत पैसे द्या. न दिल्यास निलंबनाच्या तारखेपासून ९ टक्के व्याज. आणि पालन झालं नाही तर न्यायालय अवमानाची कारवाई. देशातलं सगळ्यात वरचं न्यायालय आपल्याच आदेशाखाली ‘न पाळल्यास काय’ हे तीन पायऱ्यांत लिहितं, याचा अर्थ आदेशानंतरचा दिवस कसा जातो हे त्यालाही माहीत होतं. निलंबनापासून न्यायाधिकरणापर्यंत २ वर्षं ७ महिने, सर्वोच्च न्यायालयापर्यंत ६ वर्षं ९ महिने. महिन्याला १,५०० रुपये द्यायला नकार दिल्याची ही किंमत.

आदेशच बदलला तर?

गेल्या वीसेक वर्षांत आणखी एक वळण आलं. १९७८ च्या हिंदुस्तान टिन वर्क्स खटल्यात न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी पूर्ण मागील वेतन हा सामान्य नियम मानला होता. २००५ च्या उत्तर प्रदेश ब्रासवेअर महामंडळाच्या खटल्यापासून सूर बदलला. मागील वेतन आपोआप मिळत नाही असं सांगितलं गेलं. भारत संचार निगमच्या २०१३ च्या निकालात तर रोजंदारीवरच्या कामगाराला केवळ प्रक्रिया न पाळता काढलं असेल, तर कामावर घेण्याऐवजी एकरकमी भरपाई योग्य, असं सूत्र पक्कं झालं. सूडबुद्धीने काढणं किंवा कनिष्ठांना ठेवून याला काढणं असे अपवाद राहिले.

अंमलबजावणीच्या बाजूने पाहिलं तर हे वळण समजतं. ‘जागा द्या’ हा आदेश बजावणं अवघड, ‘पैसे द्या’ हा सोपा. आणि खटला इतका लांबतो की आदेश येईपर्यंत गिरणी बंद, मशीन भंगारात, माणूस निवृत्तीच्या वयाला. पण इतिहास म्हणून एक गोष्ट नोंदवायला हवी. १९४९ च्या निकालाने दिवाणी कायद्याचं ‘भरपाई घ्या आणि जा’ हे तत्त्व औद्योगिक कामगारापुरतं बाजूला सारलं होतं. चौसष्ट वर्षांनी, निदान रोजंदारीवरच्या कामगारांसाठी, आपण बरेचसे तिथेच परत आलो. आणि त्यात आदेश वर्षानुवर्षं न पाळले जाण्याचाही हात आहे. २०२० मध्ये संमत झालेल्या औद्योगिक संबंध संहितेने १७ब सारखी तरतूद आणि निर्वाह भत्ता दोन्ही ठेवले आहेत, आणि निलंबनानंतरची चौकशी साधारणपणे ९० दिवसांत संपवावी असंही म्हटलं आहे. जुने प्रश्न मिटले असते तर जुनी उत्तरं नव्या कायद्यात पुन्हा लिहावी लागली नसती.

मग संशोधन करायचं कसं?

या विषयावर आराखडा लिहायला बसणाऱ्यांसाठी काही कामाच्या गोष्टी.

पहिली, अंमलबजावणी निकालपत्रात शोधू नका. ती पुढच्या अर्जांत शोधा. ३३सी(२) खालचे अर्ज, कलम ४८ च्या तक्रारी, १७ब ची प्रतिज्ञापत्रं, जिल्हाधिकाऱ्याकडे गेलेले वसुलीचे दाखले, अवमान याचिका, उच्च न्यायालयात दाखल झालेल्या कन्सेंट टर्म्स. माणूस गेटवरून परत आला याचा कागद असेल तर तो इथे असतो. १७ब ची प्रतिज्ञापत्रं तर सोन्यासारखी आहेत : नोकरी नसताना घर कसं चाललं हे त्यात कामगार स्वतः सांगतो. अर्थात ते वकिलाच्या भाषेत आणि विशिष्ट हेतूने लिहिलेलं असतं, हे विसरायचं नाही.

दुसरी, प्रत्येक प्रकरणात किमान पाच तारखा नोंदवा : निलंबन किंवा बडतर्फी, पहिला आदेश, स्थगिती, अंतिम आदेश, आणि प्रत्यक्ष रुजू होणं किंवा पैसे हातात पडणं. पाचवा रकाना बऱ्याचदा रिकामा राहील. तो तसाच राहू द्या. तो अंदाजाने भरला तर आपण पुन्हा त्याच जुन्या चुकीत अडकतो.

तिसरी, कलमं उलटी वाचण्याच्या पद्धतीची मर्यादा लक्षात ठेवा. एखादी पळवाट बंद करणारं कलम आलं, यावरून ती पळवाट माहीत होती आणि कोणीतरी त्याविरुद्ध आवाज उठवला होता एवढं सिद्ध होतं. ती किती मालक वापरत होते, हे सिद्ध होत नाही. त्यासाठी एकाच न्यायालयाची, एकाच उद्योगाची, ठरावीक वर्षांची दप्तरं सलग वाचण्याला पर्याय नाही. आणि ज्याच्यासाठी आदेशच कधी निघाला नाही, तो बदली, कंत्राटी किंवा घरकाम करणारा माणूस या दप्तरात मुळात नसतोच.

चौथी, मुलाखत घ्यायला जाल तेव्हा ‘खटला जिंकलात का?’ असं विचारू नका. ‘मग रुजू कधी झालात?’ असं विचारा. पहिल्या प्रश्नाला एका शब्दाचं उत्तर येतं. दुसऱ्याला बऱ्याचदा आधी शांतता येते, आणि मग जे येतं ते आपल्या प्रबंधाचं खरं साहित्य असतं.